कुब्जाला काय झालं होतं?



आजच्या व्याख्यानाचा विषय एक जुना शब्द आहे : कुब्ज. हा शब्द उच्चारला की काहींच्या डोळ्यांपुढे मंथरा येते, काहींच्या डोळ्यांपुढे मथुरेची कुब्जा, आणि मराठी कवितेच्या वाचकांना इंदिरा संत आठवतात. मंथरेनं कैकेयीचे कान भरले, कुब्जेनं कृष्णाला चंदनाची उटी दिली. एक खलनायिका, दुसरी भक्त. पण या दोघींना झालं काय होतं? हा प्रश्न आपण विचारत नाही. पाठीला कुबड होतं, एवढ्या उत्तरावर आपलं समाधान होतं. माझं म्हणणं असं आहे की नेमक्या याच समाधानानं वैद्यकाला दोन हजार वर्षं एका जागी बसवून ठेवलं. कुब्ज हा एके काळी वैद्याच्या तोंडचा शब्द होता. ग्रीकांकडे, रोमनांकडे, इंग्रजांकडे त्याचे भाऊबंद होते. या सगळ्या शब्दांनी पाठीचा आकार सांगितला, आणि ऐकणाऱ्याला वाटलं की आजार कळला. हा समज कसा रुजला, कसा मोडला आणि अजून कुठे शिल्लक आहे, ते आज पाहायचं आहे.

आधी आपल्या घरातलं पाहू. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात केवळ वातामुळे होणाऱ्या ८० विकारांची यादी आहे. त्यात कुब्जत्व आहे, आणि त्याच्या आसपास वामनत्व, खंजत्व म्हणजे लंगडेपण, त्रिकग्रह, पृष्ठग्रह अशी मंडळी बसली आहेत. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात हाच शब्द दुसऱ्या दारानं आत येतो. गर्भात वात बिघडला, किंवा गर्भवतीचे डोहाळे पुरवले नाहीत, तर मूल कुब्ज, पांगळं, मुकं निपजतं, असं तिथे सांगितलं आहे. म्हणजे जन्मतःच वाकडी असलेली पाठ आणि धडधाकट माणसाची पुढे वाकत गेलेली पाठ, या दोन्ही एकाच शब्दात बसल्या. अमरकोशात कुब्जाला 'गडुल' असा पर्याय दिला आहे. गडू म्हणजे अंगावरचा उंचवटा. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात कुब्ज भेटतो तो राजवाड्याच्या आत. बुटके, मुके, बहिरे यांच्याबरोबर त्याचं नाव येतं ते घरात शिरून बातमी काढणाऱ्यांनी घ्यायच्या सोंगांमध्ये. संस्कृत नाटकांतल्या अंतःपुरातही तो वावरतोच. वैद्याच्या पोथीत विकार आणि राजवाड्यात जवळजवळ हुद्दा!

पुढे काय झालं? पालीत आणि प्राकृतात कुब्जाचा 'खुज्ज' झाला, आणि मराठीत त्याच घराण्यातला 'खुजा' आला. आज आपण खुजा म्हणतो तेव्हा आपल्या मनात ठेंगणा माणूस असतो, नाही तर खुजे विचार असतात. पाठीचा पत्ताच नसतो. वाक कुठे गेला? भाषेत अर्थ सरकतातच, असं म्हणून हा प्रश्न सोडून देता येईल. माझा तर्क थोडा वेगळा आहे. लहानपणी ज्याचे मणके ढासळतात त्याचं धड आखूड राहतं. हातपाय आपल्या गतीनं वाढतात आणि माणूस एकूण बुटका दिसतो. चरकाच्या यादीतही कुब्जत्व आणि वामनत्व जवळजवळच आहेत. बोलणाऱ्यांनी वाक सोडला आणि उंची धरली. तर्क बरोबर असो वा नसो, शब्दाचं वागणं उघड दिसतं. ज्या शब्दाला आजाराचा आधार नव्हता, त्याला एका आकाराशीही टिकून राहता आलं नाही.

आता ग्रीकांकडे जाऊ. तिथे तीन विशेषणं होती : किफोस म्हणजे पुढे वाकलेला, लॉर्डोस म्हणजे मागे वाकलेला, स्कोलिओस म्हणजे वाकडातिकडा. इसवीसनाच्या दुसऱ्या शतकात गॅलेननं या तिघांना नीट वाटण्या करून दिल्या. मणके मागे उचलले गेले तर कायफोसिस, पुढे गेले तर लॉर्डोसिस, बाजूला गेले तर स्कोलिओसिस. आजच्या अस्थिरोगतज्ज्ञाच्या रिपोर्टमध्ये हीच नावं असतात. शब्दांचं आयुष्य मोठं हे खरं, पण त्या शब्दांच्या हाताखाली रोग्यावर काय उपचार होत होते? हिपोक्रेटिसच्या नावानं चालणाऱ्या ग्रंथांत सांध्यांवरचा एक ग्रंथ आहे. रोग्याला शिडीला बांधायचं, शिडी उंच उचलायची आणि सरळ खाली आपटायची, अशी एक रीत त्यात सांगितली आहे. लेखक प्रामाणिक होता. हा प्रकार बहुतेक भोंदू लोक गर्दीला थक्क करण्यासाठी करतात, म्हणून आपल्याला त्याची लाज वाटते, असं तो लिहितो. त्याची स्वतःची पसंती एका लाकडी बाकाला होती. रोग्याला त्यावर पालथं निजवायचं, डोक्याकडून आणि पायाकडून ताणायचं, आणि वरून कुबडावर हातानं, पायानं किंवा फळीनं दाब द्यायचा.

आपल्या भागवतातली कुब्जेची गोष्ट इथे आठवल्याशिवाय राहत नाही. कृष्णानं तिचे पाय आपल्या पायानं दाबून धरले, दोन बोटांनी हनुवटी वर उचलली आणि तिला सरळ केलं. खाली धरून ठेवणं, वर ओढणं. (यावरून आपल्याकडे प्राचीन काळी ट्रॅक्शनचा विभाग होता, असं मात्र कोणी सांगत सुटू नये, ती भक्तीची कथा आहे.) दोन्हीकडे कल्पना एकच आहे. दुखण्याचं नाव 'वाकडेपण' असेल, तर उपचाराचं नाव 'सरळ करणं' हेच असणार. नावानंच उपचार ठरवून टाकला.

इथे एक आक्षेप येईल, आणि तो वजनदार आहे. प्राचीन वैद्य काही आंधळे नव्हते, तुम्ही त्यांच्यावर अन्याय करता, असं कोणी म्हणेल. खरं आहे. त्याच ग्रीक ग्रंथात लिहिलं आहे की आजारानं आलेलं कुबड बहुतेक वेळा सरळ होत नाही. कुबड छातीच्या पडद्याच्या वर असेल तर अशा रोग्यांच्या फुप्फुसांत कठीण गाठी आढळतात, असंही लिहिलं आहे. कुबड खाली असेल तर कमरेत आणि जांघेत चिवट गळवं होतात, हेही त्याला ठाऊक होतं. फुप्फुसातल्या गाठी, जांघेतलं गळू, पाठीवरचं कुबड : क्षयाचं जवळजवळ पूर्ण चित्र त्याच्यासमोर होतं. हवा भरलेली कातडी पिशवी कुबडाखाली घालून पाहिल्याचा आणि तो प्रयोग फसल्याचाही त्यानं उल्लेख केला आहे, आणि फसलेले प्रयोगही नोंदवावेत असं त्याचं मत होतं. मग अडलं कुठे? त्यानं पाहिलेल्या या गोष्टींना एकत्र बांधणारं नाव नव्हतं. नाव होतं ते फक्त आकाराला. म्हणून परंपरेनं बाक सांभाळला आणि गाठी विसरल्या. १५४४ मध्ये पॅरिसला छापलेल्या ग्वीदो ग्वीदीच्या शल्यग्रंथात त्या बाकाची सुबक चित्रं आहेत. आपल्याकडेही तसंच घडलं. राजयक्ष्म्याची, म्हणजे क्षयाची, अकरा लक्षणं पाठ असलेला वैद्य आणि कुब्जत्व ओळखणारा वैद्य एकच होता, पण त्या अकरा लक्षणांत कुबड नाही. एकच आजार दोन खोल्यांत राहत होता आणि मधलं दार बंद होतं.

आणि हा आजार काही नवा नव्हता. इसवीसनापूर्वी १००० च्या सुमाराचा, अमुन देवाचा पुजारी नेसपेरेहान याची ममी इजिप्तमध्ये सापडली. इलियट स्मिथ आणि रफर यांनी १९१० मध्ये तिचं वर्णन प्रसिद्ध केलं. मणके खाल्ले गेलेले, पाठ टोकदार वाकलेली, आणि कमरेच्या स्नायूलगत उतरलेल्या गळवाची खूण.

इंग्लंडमधलं एक उदाहरण थोडक्यात सांगून पुढे जातो. लंडनच्या मृत्युनोंदींत 'रिकेट्स' हे नाव १६३४ मध्ये पहिल्यांदा आलं, चौदा मृत्यूंपुढे; जॉन ग्राउंटनं १६६२ मध्ये हे टिपलं. हा आपला मुडदूस. फ्रान्सिस ग्लिसननं १६५० मध्ये त्यावर मोठा ग्रंथ लिहिला आणि लोकांच्या तोंडच्या या शब्दाला 'राकायटिस' असं ग्रीक रूप दिलं. राकिस म्हणजे पाठीचा कणा. शब्द शोभिवंत झाला. पण मुडदूस हा साऱ्या कोवळ्या हाडांचा विकार. पाय वाकतात, मनगटं सुजतात, फासळ्यांवर गाठी येतात. ड जीवनसत्त्वाचा संबंध कळायला विसाव्या शतकाची पहिली वीस-बावीस वर्षं जावी लागली. तोवर नाव कण्याकडे बोट दाखवत राहिलं.

आता ज्याच्यासाठी हे सगळं रचलं त्या माणसाकडे येऊ. पर्सिव्हल पॉट, लंडनच्या सेंट बार्थोलोम्यू रुग्णालयातला शल्यविशारद. धुराड्याची काजळी साफ करणाऱ्या मुलांना पुढे होणारा कर्करोग त्या काजळीमुळे होतो, हे १७७५ मध्ये सांगणारा तोच. १७७९ मध्ये त्यानं एक छोटं पुस्तक काढलं, आणि त्याचा विषय कुबड नव्हता, हे लक्षात घ्या. विषय होता पाठीच्या वाकाबरोबर येणारा पायांचा पक्षाघात. चालणारं मूल चालायला नाखूष होतं, अडखळतं, पाय एकमेकांत अडकतात, ताठर होतात. आणि मग पाठीकडे पाहिलं तर एक मणका वर आलेला. तोवरचा समज असा की मणका जागेवरून सरकला, त्यामुळे वाक आला आणि वाकामुळे पाय गेले. पॉट म्हणाला, नाही. मणक्याचं हाड आधी रोगट होतं. वाक हा त्या रोगाचा परिणाम. कार्यकारणाची साखळी त्यानं उलटी केली. लोखंडी पट्टे, स्क्रूच्या खुर्च्या, गळ्यात अडकवायचे सांगाडे हे निरुपयोगी आहेत, असंही त्यानं बजावलं. त्याच वर्षी फ्रान्समध्ये झाँ-पिएर दाविद यानं जवळजवळ हेच मांडलं. पॉटला ही वाट सुचली ती वूस्टरच्या डॉक्टर कॅमेरॉनमुळे. पाठीत गळू होऊन ते वाहिल्यावर पक्षाघात बरा झाल्याची हिपोक्रेटिसच्या ग्रंथांतली नोंद कॅमेरॉननं त्याच्या कानावर घातली होती. विसरलेलं निरीक्षण दोन हजार वर्षांनी पुन्हा कामाला आलं, कारण आता कोणीतरी कुबडापलीकडचा प्रश्न विचारत होतं.

पॉटचा उपचार मात्र चुकीचाच होता. कुबडाच्या दोन्ही बाजूंना दाहक क्षारानं जखमा करायच्या आणि त्या महिनोन्‌महिने वाहत्या ठेवायच्या. त्यामुळे माझ्या म्हणण्यावर दुसरा आक्षेप येतो. रोगी बरे झाले ते औषधांनी, नावांनी नव्हे; कॉखनं २४ मार्च १८८२ रोजी क्षयाचा जंतू जाहीर केला, १९४३ मध्ये स्ट्रेप्टोमायसिन सापडलं, त्यात शब्दांचा काय संबंध? संबंध असा की औषध येण्यापूर्वी आणि आल्यानंतरही, डॉक्टरनं हात कुठे लावायचा हे त्याच्या मनातलं नाव ठरवत होतं. जंतू मिळून चौदा वर्षं झाली तरी काय घडलं ते पाहा. फ्रान्सच्या किनाऱ्यावर बेर्क या गावी हाडांच्या क्षयाच्या मुलांसाठी रुग्णालयं होती. तिथल्या कालो नावाच्या शल्यविशारदानं १८९६ मध्ये मुलांना क्लोरोफॉर्म देऊन, ताणून आणि कुबड दाबून एका बैठकीत पाठ सरळ करायची पद्धत जाहीर केली. युरोपभर वाहवा झाली. ताणलेल्या मणक्यांमध्ये मोकळी जागा पडली, मुलं दगावली, काहींचे पाय गेले, आणि थोड्याच वर्षांत ती पद्धत सोडून द्यावी लागली, कालोनंही सोडली. जंतू माहीत होता, पण हात कुबडावर गेला.

मणक्यात होतं तरी काय? जंतू रक्तावाटे येतो आणि मणक्याच्या पुढच्या जाड भागात, चकतीच्या काठाशी घर करतो. शेजारशेजारचे दोन मणके आणि मधली चकती हळूहळू खाल्ली जाते. मागची कमान शाबूत राहते. उतरंडीतल्या एका मडक्याचा पुढचाच काठ फुटावा आणि वरची सगळी मडकी त्या बाजूला कलावीत, तसा कणा पुढे मोडतो आणि मागे टोक येतं. आधार पुढून गेलेला असताना मागून टोक दाबून काय मिळणार? औषधं आल्यावर ब्रिटनच्या वैद्यकीय संशोधन परिषदेनं कोरिया, हाँगकाँग, मद्रास, आफ्रिका अशा ठिकाणी वर्षानुवर्षं चाचण्या घेतल्या. कोरियातला निष्कर्ष असा निघाला की औषधांच्या जोडीला महिनोन्‌महिने अंथरुणावर पडून राहणं किंवा प्लास्टरचं जॅकेट घालणं यांनी काही विशेष भर पडत नाही. हिंडतं-फिरतं ठेवून, गोळ्या देऊन रोगी बरे होत होते. हाँगकाँगमध्ये हॉजसन यांनी छातीकडून शिरून रोगट हाड काढून टाकण्याची शस्त्रक्रिया विकसित केली, आणि बनारस हिंदू विद्यापीठात डॉ. तुली यांनी 'मध्यम मार्ग' मांडला : आधी औषध, आणि गरज असेल तरच सुरी. यातलं काहीही कुब्ज या शब्दातून निघणं शक्य नव्हतं.

शब्दाची दुसरी खोड उलट्या बाजूची आहे. नसलेलं कुबडही तो निर्माण करतो. इंग्लंडचा राजा तिसरा रिचर्ड १४८५ मध्ये बॉसवर्थच्या लढाईत पडला. शेक्सपिअरनं त्याला कुबडा केला, आणि चारशे वर्षं रंगभूमीवर नटांनी पाठीवर गादी बांधली. २०१२ मध्ये लेस्टर शहरात गाडीतळाखाली त्याचा सांगाडा सापडला. मणके तपासले तेव्हा कणा बाजूला वळलेला निघाला. पण कुबड नव्हतंच. स्कोलिओसिस होता, किशोरवयात सुरू झालेला. उजवा खांदा थोडा वर असणार, आणि अंगावर बेतून शिवलेल्या कपड्यांत तो फारसा दिसलाही नसेल. जॉन राऊस या समकालीनानं एक खांदा वर होता एवढंच लिहिलं होतं. पण 'कुबडा' हा शब्द तयार होता, आणि त्याच्याबरोबर कपटीपणाही फुकट मिळत होता.

आकाराच्या नावाला कारण नसतं, म्हणून समाज आपल्या पदरचं कारण घालतो. सुश्रुताकडे न पुरवलेले डोहाळे, शेक्सपिअरकडे काळं मन. बौद्ध परंपरेत कौशांबीच्या सामावती राणीची दासी खुज्जुत्तरा आहे. तिच्या नावातच कुबड आहे. मागल्या जन्मी तिनं एका वाकलेल्या प्रत्येकबुद्धाची, म्हणजे एकट्यानं बोध मिळवलेल्या साधूची, नक्कल केली, म्हणून तिची पाठ वाकली, अशी कथा. आता याच परंपरेची दुसरी बाजू पाहा. फुलं आणायला गेलेली ही दासी बुद्धाचं प्रवचन ऐकते, राजवाड्यात येऊन शब्दन्‌शब्द सांगते, राणीची गुरू होते. उपासिकांमध्ये बहुश्रुत म्हणून पहिलं स्थान तिला दिलं गेलं, आणि 'इतिवुत्तक' हा ग्रंथ तिच्यामुळे टिकला असं मानतात. मंथरेच्या नशिबी असं काही आलं नाही.

तिसरा आक्षेप मी स्वतःच घेतो, कारण तोच सर्वांत अवघड आहे. कायफोसिस आणि स्कोलिओसिस हे आजचे शब्दही आकाराचेच आहेत ना? आणि स्कोलिओसिसच्या बहुसंख्य रोग्यांपुढे डॉक्टर 'इडिओपॅथिक' असं लिहितात, म्हणजे ग्रीक पोशाखातलं 'कारण ठाऊक नाही'. मग फरक काय पडला? फरक हा की आज तो शब्द शेवटचा मानला जात नाही. जॉन कॉब यांनी १९४८ मध्ये वाकाचा कोन मोजायची रीत रूढ केली. आता आकाराला अंशांत आकडा आहे आणि आजाराला वेगळा रकाना. 'कायफोसिस' लिहून डॉक्टर थांबला तर त्याला विचारलं जातं, कशामुळे? आणि 'कारण ठाऊक नाही' हे कबूल केलेलं अज्ञान आहे. ते वात, डोहाळे किंवा पूर्वजन्म यांच्यापेक्षा कितीतरी सुरक्षित. तरीही आकार बिनमहत्त्वाचा आहे असं मी म्हणत नाही. लहान मुलात क्षय बरा झाल्यावरही वाढीच्या वर्षांत वाक वाढू शकतो. मद्रासच्या चाचणीतल्या मुलांचा पुढे माग ठेवून कोइमतूरच्या डॉ. राजशेखरन यांनी ते दाखवलं. आकार मोजायलाच हवा. फक्त त्याला निदान म्हणायचं नाही.

आणि आपण अजून म्हणतो! कुब्ज गेला, पण त्याच्या जागी आपल्याकडे 'गॅप' आली. 'मणक्यात गॅप आहे' हे वाक्य महाराष्ट्रात ऐकलं नाही असा माणूस विरळा. गॅप म्हणजे काय? झिजलेली चकती, सरकलेली चकती, ठिसूळ हाडाचा दबलेला मणका, दुसरीकडून पसरलेला कर्करोग की क्षय? शब्द ते सांगत नाही. तो फक्त फोटोत काय दिसलं ते सांगतो, आणि कित्येकदा तेही धड नाही. मग पट्टा येतो, मालिश येतं, मणका बसवणारा येतो. बाकावर ताणण्याचीच ही आजची तऱ्हा. जगातल्या क्षयरुग्णांपैकी साधारण चौथा हिस्सा भारतात आहे, आणि हाडांच्या क्षयात जवळजवळ निम्मे रोगी मणक्याचे असतात. अशा देशात 'गॅप'वर समाधान मानणं परवडणारं नाही. साध्या एक्स-रेत हाडाचा बराच भाग गेल्याशिवाय काही दिसत नाही. एमआरआयमध्ये ते लवकर दिसतं. म्हणून आपल्याला एक विनंती. घरात कोणाची पाठ आठवडेच्या आठवडे दुखत असेल, रात्री जास्त दुखत असेल, संध्याकाळी कणकण येत असेल, वजन उतरत असेल, चालताना पाय जड पडत असतील, तर गॅप हे उत्तर घेऊन दवाखान्यातून बाहेर पडू नका. कशामुळे, हे विचारा. मणक्याचा क्षय निघालाच, तर औषधं साधारण वर्षभर, कधी त्याहून जास्त घ्यावी लागतात, आणि सरकारी दवाखान्यात ती मोफत मिळतात.